चौकशी चालू असलेला माणूस

आमच्या ऑफिसातल्या रेकॉर्ड रूमच्या दाराशी पाण्याची बादली, पितळी तांब्या आणि खुंटीला एक पंचा असायचा. आत जायचं तर आधी हात धुवायचे, पंच्याला कोरडे करायचे आणि मगच उंबरा ओलांडायचा. हा नियम कुठल्या परिपत्रकात नव्हता. तो गौस मुजावरांचा होता, आणि वरच्या ऑफिसातून आलेला साहेबसुद्धा त्यातून सुटत नसे. एका साहेबांनी एकदा रागावून विचारलं होतं, की माझे हात काय घाण आहेत का? मुजावर शांतपणे म्हणाले होते, "न्हाय साहेब. पण घाम सगळ्यांच्याच हाताला येतो की."

साहेबांनी हात धुतले.

मी अडुसष्ट सालाच्या आसपास कोल्हापुरात या जमीन मोजणीच्या ऑफिसात कारकून म्हणून लागलो. मूळचा गडहिंग्लजकडचा. शहर नवं, नोकरी नवी. पहिल्याच आठवड्यात मला एका गावाचा जुना नकाशा आणायला पाठवलं आणि मी तसाच आत घुसलो. कपाटांच्या मागून आवाज आला, "पावणं, मागं फिरा." मी मागं फिरलो. काळी टोपी, पांढरा सदरा, पांढरी विजार, पायांत करकरणाऱ्या कोल्हापुरी चपला, असे एक उंच गृहस्थ बाहेर आले आणि त्यांनी माझ्या हातांवर स्वतः तांब्यानं पाणी ओतलं. मग नाव विचारलं. सुतार म्हटल्यावर म्हणाले, "मग तुमाला हत्यार कसं धरायचं ते सांगाय नको. नकाशा गुंडाळायचा, घडी घालायची न्हाय. घडीवर नकाशा मरतो."

त्या दिवसापासून ते माझे गौसचाचा झाले. सगळ्या ऑफिसचेच चाचा होते ते.

मागं कापड चिकटवलेले ते जुने गावनकाशे त्यांनी बत्तीस-तेहतीस वर्षं सांभाळले. वाळवी लागू नये म्हणून कडूलिंबाचा पाला आणून कपाटांत घालायचे. पावसाळ्यात दर दोन दिवसांनी भिंतींवरून उलटा तळहात फिरवून ओल बघायचे. घरी जाताना प्रत्येक कपाटाचं कुलूप ओढून बघायचे, आणि शेवटचं कुलूप दोनदा.

गंमत अशी, की या माणसानं जिल्हा फारसा पाहिलाच नव्हता. धाकटा भाऊ इचलकरंजीला यंत्रमागावर होता, त्याच्याकडं वर्षातून एकदोनदा जायचे, तेवढाच प्रवास. पण गावं त्यांना माणसांसारखी माहीत. एकदा भुदरगडाकडचा एक म्हातारा शेतकरी बांधाच्या भांडणापायी नकला काढायला आला होता. चाचांनी त्याच्या गावाचं नाव ऐकलं आणि विचारलं, "तुमच्या रानाच्या उगवतीला वढा हाय न्हवं? त्येच्या काठाला दोन चिंचा हुत्या. हायती का अजून?"

म्हातारा बघतच राहिला. म्हणाला, एक हाय, एक वाऱ्यानं पडली. मग विचारलं, "चाचा, आमच्या गावाला कवा आलतासा?"

"कवाच न्हाय," चाचा म्हणाले, आणि पडलेल्या चिंचेबद्दल त्यांना खरंच वाईट वाटलेलं दिसलं. नकाशावर ती चिंच तशीच उभी होती. ती खोडायचा अधिकार त्यांना नव्हता.

दुसरा नियम सहीचा. कपाटातून कागद बाहेर गेला, की रजिस्टरला सही झालीच पाहिजे, मग नेणारा कुणीही असो. शाई वाळेपर्यंत नकाशा हातातून सोडायचे नाहीत. आम्ही तरुण मंडळी त्यांच्या पाठीमागं हसायचो. नकाशा नाही, पोरगी सासरी धाडताहेत म्हणायचो.

तो नियम त्यांनी एकदाच मोडला.

आणीबाणी लागायच्या आदल्या वर्षाची गोष्ट. दुपारी इचलकरंजीहून माणूस आला, भाऊ मागावरच कोसळला आणि दवाखान्यात नेलाय म्हणून. चाचा कपाटं बंद करून निघायच्या बेतात होते, तेवढ्यात आमचा शिपाई पिराजी धावत आला. साहेबांना पन्हाळ्याकडच्या एका गावाचा नकाशा आत्ताच्या आत्ता पाहिजे. साहेब नवे होते, तरुण होते. चाचांनी नकाशा काढला, दप्तर बांधायच्या कापडी रुमालात गुंडाळून पिराजीच्या हातात दिला आणि म्हणाले, "सायबांस्नी सांग, सही उद्या घेतो." मी नेमका तेव्हाच दाराशी आलो होतो. नकाशा कुठला ते मला दिसलं नाही. पण ते वाक्य मी ऐकलं.

भाऊ वाचला नाही. माती देऊन चाचा पाचव्या दिवशी परत आले. तोवर साहेबांची बदली झाली होती आणि ते रत्नागिरीकडं हजर व्हायला निघून गेले होते. टेबलावर नकाशा नव्हता, खणात नव्हता, कपाटातही नव्हता. चाचांनी त्याच दिवशी स्वतः लिहून दिलं, की नकाशा दिला, पण सही घेतली नाही, ही माझी चूक. कुणी विचारलंही नव्हतं. आम्ही म्हटलं, चाचा, थोडं थांबायचं. पण त्यांना थांबणं जमलं नाही.

काही महिन्यांनी त्या गावच्या जमिनीचा मोठा दावा कोर्टात उभा राहिला, कोर्टानं नकाशा मागवला, आणि तेव्हा सगळ्यांना जाग आली. बदलून गेलेल्या साहेबांना पत्र गेलं. त्यांचं उत्तर एका ओळीचं होतं : असा अभिलेख मागविल्याचे स्मरत नाही. पिराजीला विचारलं, तर तो म्हणाला, रुमाल नेला हे खरं, पण कुठल्या गावाचं मागितलं ते आता ध्यानात न्हाय, आणि रुमालात काय होतं ते मला ठाऊक न्हाय. मला विचारलं, तर मी ऐकलेलं वाक्य सांगितलं. पण त्या वाक्यात गावाचं नाव नव्हतं. तिघांपैकी कुणी खोटं बोललं असं म्हणता येत नव्हतं, आणि तिघांच्या बोलण्यातून चाचा मात्र अडकत गेले. निवृत्तीला तीन महिने उरले असताना त्यांचं निलंबन झालं. आरोप दोन. एक, नोंद न करता अभिलेख बाहेर दिला. दोन, अभिलेख गहाळ केला.

अठ्ठावन्न पूर्ण झाले त्या दिवशी चाचा ऑफिसात आले. निलंबित माणसानं येऊन बसायची गरज नव्हती, पण ते आले आणि व्हरांड्यातल्या बाकावर बसले. दुपारी त्यांच्या हातात कागद दिला गेला. तो मीच टाईप केला होता. नियत वयोमानानुसार श्री. मुजावर सेवानिवृत्त होत असले, तरी त्यांच्याविरुद्धची विभागीय चौकशी पुढे चालू राहील. त्यांनी कागद दोनदा वाचला आणि पोच म्हणून सही केली.

चौकशी चालू असलेल्या माणसाला ऑफिसतर्फे निरोप देता येत नाही, असं वरून सांगण्यात आलं होतं. म्हणून आम्ही चौघा-पाचजणांनी हार, नारळ आणि एक शाल घेतली आणि सुटायच्या वेळी फाटकाबाहेर उभे राहिलो. साडेपाचला चाचा बाकावरून उठले. आमच्याजवळ आले, हाराकडं पाहिलं, आणि हात जोडून म्हणाले, "आत्ता नगं. चौकशी संपली की घेतो. आत्ता घेतलं तर चोरून घेतल्यागत वाटंल."

मग प्रत्येकाची विचारपूस करून, सायकल हातात धरून चालत गंगावेशीच्या दिशेनं निघून गेले. सायकलवर बसले नाहीत. वळणापर्यंत आम्ही बघत होतो.

चौकशीत आपली बाजू मांडायला कर्मचाऱ्याला सोबतीला एक माणूस घेता येतो. चाचांनी मला विचारलं. माझं अक्षर चांगलं आहे, एवढंच कारण त्यांनी दिलं. मला कायदा येत नव्हता. त्यांना वकिलासारखा माणूस नकोच होता.

पहिल्या चौकशी अधिकाऱ्यांनी तीन तारखा घेतल्या आणि त्यांची बदली झाली. दुसरे आले. ते म्हणाले, पहिल्यापासून घेऊ. त्यांनी पाच तारखा घेतल्या आणि ते निवृत्त झाले. त्यांना हार मिळाला, मी स्वतः त्या समारंभात होतो. तिसऱ्यांनी वर्षभर तारीखच लावली नाही. दर तारखेला चाचा इस्त्रीचे कपडे घालून, दाढी करून, वेळेच्या अर्धा तास आधी येऊन बसायचे. पिशवीत सगळे कागद क्रमानं लावलेले. आणीबाणी आली आणि गेली, सरकारं बदलली, आमच्या ऑफिसच्या भिंतींचा रंग बदलला. चाचांची फाईल तेवढी टेबलावरून टेबलावर फिरत राहिली. तात्पुरतं म्हणून काही निवृत्तिवेतन मिळायचं, त्यात त्यांचं भागायचं. त्याबद्दल ते कधी बोलले नाहीत.

बोलायचे ते शमीमबद्दल. ही त्यांची एकुलती मुलगी, मॅट्रिक होऊन शिक्षिकेचा अभ्यासक्रम केलेली. मिरजेच्या एका चांगल्या घरात तिचं ठरत आलं होतं. त्या लोकांनी विचारलं, चौकशी कसली आहे? चाचांनी सगळं सांगितलं, पहिल्या चुकीपासून. पाहुण्यांनी सरबत घेतलं, उठले, आणि परत आले नाहीत. शमीमनं पुन्हा स्थळं बघू दिली नाहीत. इचलकरंजीला शाळेत नोकरी धरली, चुलतीकडं राहू लागली आणि शनिवारी घरी यायची. तिनंच मला एकदा सांगितलं, की अब्बा शुक्रवारच्या नमाजाला आता पहिल्या रांगेत उभे राहत नाहीत. कुणी हटकलं नव्हतं. आपणहून मागं गेले होते.

दरम्यान एक दिवस असा आला, की ऑफिसला चाचांची गरज पडली. धरणाच्या कामासाठी राधानगरीकडच्या एका गावाचा नकाशा तातडीनं हवा होता आणि नव्या रेकॉर्ड कीपरला तो दोन दिवस सापडेना. साहेबांनी मला बोलावलं आणि जरा चाचरत म्हणाले, मुजावरांना विचारून बघता का? मी सायकल काढली. चाचा लगेच निघाले, टोपी घालायला थांबले तेवढेच. पण रेकॉर्ड रूमच्या दाराशी साहेबांनाच आठवलं, की यांच्याविरुद्ध चौकशी चालू आहे, यांना आत सोडता येणार नाही. चाचाच म्हणाले, बरोबर हाय. आणि व्हरांड्यातून खिडकीशी जाऊन उभे राहिले.

तिथून, गजांना हात न लावता, त्यांनी सांगितलं, "तिसरं कपाट. खालनं दुसरा कप्पा. निळ्या रुमालाच्या मागं बघा, भिंतीकडनं." नकाशा तिथंच होता. रेकॉर्ड कीपर आनंदानं तो खिडकीशी घेऊन आला, चाचा, हाच न्हवं का म्हणून. चाचांनी दोन्ही हात पाठीमागं घेतले आणि मान पुढं करून पाहिलं. नकाशाची घडी घातलेली होती. चारपदरी, वर्तमानपत्रासारखी. घडीवर रेघा फाटल्या होत्या आणि एका गावठाणाचे दोन तुकडे झाले होते.

साहेबांनी चहा मागवला होता, तो चाचांनी घेतला, आणि मी पोचवायला येतो म्हटलं तर नको म्हणाले.

चौथे चौकशी अधिकारी मनानं चांगले होते. त्यांनी मला एकट्याला बोलावून सांगितलं, दोन्ही आरोप मान्य करून टाकायला सांगा. निष्काळजीपणा म्हणून एक किरकोळ शिक्षा लिहितो आणि पंधरा दिवसांत फाईल बंद करतो. नाहीतर हे असंच चालणार. मला ते पटलं. मी चाचांच्या घरी गेलो. चाची पडद्याआड चहा करत होत्या. मी चाचांना समजावलं, खूप समजावलं. शमीमचं नावही काढलं, ते काढायला नको होतं. चाचा खाली बघून ऐकत होते.

"सुतार," ते म्हणाले, "सही घेतली न्हाय. ते मी पयल्या दिवशी लिवून दिलंय, आज परत लिवून देतो. पण गहाळ केला असं कसं लिवू? त्यो नकाशा कुठंतरी हाय की वो. कुणाच्या तरी कपाटात, न्हायतर कुणाच्या तरी खणात. मी गहाळ झाला म्हणून लिवलं, तर मग त्येला कोण हुडकणार?"

मी चिडून म्हटलं, आता तरी कोण हुडकतंय? त्यांनी माझ्याकडं पाहिलं आणि चहाची बशी पुढं सरकवली.

त्याचं उत्तर मला पुढच्या थंडीत मिळालं. लक्ष्मीपुरीत एका रद्दीच्या दुकानावरून जाताना आत एक ओळखीची टोपी दिसली. चाचा जमिनीवर उकिडवे बसून जुन्या कागदांचा ढीग एकेक करून उलटत होते. दोन्ही हात काळे झाले होते. पांढऱ्या सदऱ्याच्या बाह्या कोपरापर्यंत सारलेल्या. दुकानदार म्हणाला, दर गुरुवारी येत्यात, वरसं झाली, काय शोधत्यात सांगत न्हाईत. कुठल्या तरी ऑफिसची रद्दी आली, की मीच निरोप धाडतो.

मला बघून चाचा जरा ओशाळले. "असंच बघतोय," म्हणाले.

मी चपला काढल्या आणि शेजारी बसलो. आम्ही दोघांनी तो ढीग संपवला. पोरांच्या वह्या, जुनी पंचांगं, बिलं, लग्नपत्रिका, कुठल्याशा दवाखान्याचे केसपेपर. एक नकाशा निघाला. चाचांनी तो उजेडाला धरला. शाळेच्या भूगोलाचा होता, महाराष्ट्राचा, आणि कुणीतरी पोरानं नद्यांना लाल रंग दिला होता. चाचांनी तो नीट गुंडाळून बाजूला ठेवला आणि गुडघ्यावर हात टेकून कष्टानं उठले. बाहेर पडताना दुकानदाराला म्हणाले, "फुडच्या बेस्तरवारी येतो."

त्यानंतर मी त्यांना जिवंत पाहिलं नाही. पुढची तारीख लागली होती, तिच्या आठ दिवस आधी सकाळी नमाजाला उठले आणि तिथंच बसले, ते परत उठले नाहीत. नोटीस त्यांच्या पिशवीत वरच होती. निवृत्त होऊन त्यांना सात वर्षं झाली होती.

माती दिल्यानंतर पाचएक महिन्यांनी वरून आदेश आला. घरी टपालानं जायचा, पण मी म्हटलं, मी नेऊन देतो. शनिवार होता, शमीम आलेली होती. चाची जमिनीवर बसल्या होत्या. त्यांना वाचता येत नव्हतं. मी लखोटा उघडला आणि आधी मनात वाचला. सदर कर्मचारी मयत झाल्याने त्यांच्याविरुद्धची विभागीय चौकशी समाप्त करून प्रकरण नस्तीबद्ध करण्यात येत आहे. तेवढंच. खाली सही आणि शिक्का. दोषी नाही, निर्दोष नाही. फाईल बांधून ठेवली.

"काय लिवलंय?" चाचींनी विचारलं. "सुटले का न्हाय?"

मी म्हटलं, "सुटले, चाची."

"तसं लिवलंय?"

"लिवलंय."

"मग वाचा की."

मी वाचू लागलो. शमीम माझ्या मागं येऊन उभी राहिलेली मला कळलं, पण तोवर मी थांबू शकत नव्हतो. श्री. गौस मुजावर यांच्याविरुद्धच्या चौकशीत, मी वाचलं, त्यांनी अभिलेख गहाळ केल्याचे कुठेही सिद्ध झाले नाही, सबब त्यांना निर्दोष ठरविण्यात येत आहे. सरकारी भाषा माझ्या हातची होती. आयुष्यभर तीच तर टाईप केली होती. वाचून झाल्यावर मी मागं वळून शमीमकडं बघू शकलो नाही.

चाची रडल्या नाहीत. म्हणाल्या, उद्या मोहल्ल्यातल्या चार माणसांना बोलवते, त्यांच्यापुढं हा कागद कुणाकडनं तरी वाचून घेते. मिरजेच्या लोकांनाही दाखवते.

शमीम पुढं आली. माझ्या हातातून कागद घेतला, त्याच्यावरून एकदा नजर फिरवली आणि आईला म्हणाली, "अम्मी, तसंच लिवलंय. पण ह्यो कागद मला शाळेत द्यायला लागतो. मी संगं नेते." तिनं तो पर्समध्ये ठेवला आणि चेन ओढली.

चाची लेकीकडं बघत राहिल्या. मग पर्सकडं. त्यांच्या चेहऱ्यावरून मला काही कळलं नाही, आणि इतक्या वर्षांनी आजही कळत नाही.

"बरं, ने," त्या म्हणाल्या. मग पदर सावरून माझ्याकडं वळल्या. "जाताना तेवढं एकदा परत सांगा. पयल्यापासनं."

शमीम पर्स छातीशी धरून दाराशी उभी होती. मी सरळ बसलो, आणि श्री. गौस मुजावर यांच्याविरुद्धच्या चौकशीत, इथून पुन्हा सुरुवात केली.